मास्तरांचा डावा पाय

जुनी चित्रं साफ करण्यात माझी तीस वर्षं गेली. लोक मला हमखास विचारतात, मेलेल्या माणसांच्या डोळ्यांत डोळे घालून दिवसभर बसायची भीती नाही वाटत? नाही वाटत. जिवंत माणसांपेक्षा ती बरी, निदान ‘नाक जरा लहान करा’ असं तरी म्हणत नाहीत. भीती वाटली ती एकदाच. सांगते, पण मध्येच ‘उंदीर असेल’, ‘भास असेल’ म्हणू नका. ते सगळं माझं तेव्हाच स्वतःला सांगून झालंय.

काम साधंच होतं. एका जुन्या फुटबॉल क्लबला आपल्या पहिल्या संघातल्या एका खेळाडूनं काढलेलं चित्र सभागृहात लावायचं होतं. सगळे त्यांना मास्तर म्हणत. आठवडाभर शाळेत चित्रकला शिकवायची आणि शनिवारी दुपारी मैदानात उतरायचं, असा तो हौशी जमाना. बायकोनं शिवलेला सदरा, सायकलवरून सामन्याला जाणं, आणि हरलं तर तीच सायकल ढकलत घरी येणं. चित्र त्यांच्या मुलीच्या घरी वरच्या खोलीत होतं आणि इतकं मोठं होतं की जिन्यातून उतरेना. म्हणून मीच रोज तिकडे जाऊ लागले.

ही मुलगी अठ्ठ्याहत्तर वर्षांची. मी तिला मावशी म्हणायचे. गुडघे गेल्यामुळे ती सहा वर्षांत जिना चढली नव्हती आणि दोन्ही डोळ्यांवर दुधासारखी साय आली होती. जीभ मात्र शाबूत.

“बाबांच्या बोटांना सामन्यातसुद्धा रंग असायचा,” ती पहिल्या दिवशी म्हणाली. “एकदा चेंडूला निळा डाग पडला, तर पंचांनी खेळ थांबवला! बाकीचे कपडे बदलायचे तेव्हा हे कोपऱ्यात बसून त्यांचे गुडघे काढायचे. चेहरा खोटं बोलतो म्हणायचे, गुडघा नाही.”

मी हसले. ती हसली नाही.

“आता नीट ऐक,” ती म्हणाली. “बाबांचा एक जिवलग मित्र होता. इतका पळायचा की त्याला सगळे वारा म्हणत. तो दुसऱ्या संघात होता. वरच्या मोठ्या संघासाठी निवड समितीला दोघांपैकी एकच हवा होता. त्याच आठवड्यात दोघं समोरासमोर खेळले आणि बाबांचा डावा पाय वाऱ्याच्या गुडघ्यावर बसला. हाड बाहेर आलं, जखम चिघळली, नवव्या दिवशी तो गेला. बाबा म्हणाले, अपघात होता. मला शंभर वेळा म्हणाले. त्यानंतर चेंडूला पाय लावला नाही, एकोणीस वर्षं हे एकच चित्र काढत बसले. तोच क्षण. आणि मरायच्या आदल्या आठवड्यात त्यातला बाबा आणि वारा यांचा तेवढाच भाग काळ्या रंगानं झाकून टाकला.”

“का?”

“तेच तर! लोक म्हणायचे, खाई त्याला खवखवे. मी त्यांच्याशी भांडले. आयुष्यभर भांडले. एका घरात माझं लग्न ठरत होतं, तिथे कुणीतरी ‘गुडघेफोड्याची मुलगी’ म्हणालं, तर मी भर बैठकीतून उठून आले.” तिनं माझं मनगट चाचपडत शोधलं. “क्लबवाल्यांच्या आधी मला कळलं पाहिजे. मला दिसत नाही. तू बघ, आणि असेल ते सांग.”

वरच्या खोलीला एक मोठी खिडकी आणि लाकडी जमीन होती. जवसाचं तेल, जुनं कापड, आणि त्याखाली कुठेतरी खेळाडू पायाला चोळतात त्या औषधाचा झणझणीत वास. मास्तर जाऊन चाळीस वर्षं झालेली, तेवढ्यात असा वास उडून जायला हवा होता.

आमच्या कामाची पद्धत सांगते, नाहीतर पुढचं कळणार नाही. बारीक काडीला कापूस गुंडाळून बोळा करायचा, तो द्रावणात बुडवायचा आणि टिकलीएवढी जागा अलगद पुसायची. दिवसाला तळहाताएवढा भाग झाला तरी खूप. काम फक्त सूर्यप्रकाशात करायचं. चार वाजता मी खोलीला कुलूप लावायचे आणि किल्ली घेऊन घरी जायचे.

दुसऱ्या दिवशी सकाळी आले तर आदल्या दिवशी तळहाताएवढा साफ केलेला भाग परातीएवढा झाला होता.

मी स्वतःलाच वेडी म्हटलं. त्या दिवशी जाताना खडूनं कड आखून गेले. तिसऱ्या दिवशी सकाळी खडूच्या पलीकडचाही वीतभर काळा रंग निघालेला, आणि खाली वापरलेले बोळे पडलेले. ते उचलले आणि मनात पाल चुकचुकली. मी उजव्या हातानं कापूस गुंडाळते, तो एका बाजूला पिळला जातो. हे बोळे उलट्या पिळाचे होते. डावखुऱ्या माणसानं केलेले.

खाली येऊन सहज विचारल्यासारखं विचारलं, “मावशी, मास्तर कुठल्या हातानं चित्र काढायचे?”

“डाव्या. हातही डावा, पायही डावा. का गं?”

“काही नाही.”

“वर तू फार येरझारा घालतेस,” ती म्हणाली. “रात्रभर कसल्या फेऱ्या मारतेस? जरा बसत जा.”

मी रात्री तिथे नसतेच, हे तिला सांगायची माझी हिंमत झाली नाही.

काम सोडून जावंसं फार वाटत होतं. पण ती रोज खाली जिन्यापाशी कान लावून बसलेली असायची, आणि तिला नाही म्हणणं माझ्या जिवावर आलं. चौथ्या दिवशी शेवटचा काळा पट्टा निघाला. खाली मास्तरांचा डावा बूट दिसला, नेमका चेंडूवर. वाऱ्याचा गुडघा वरून आपटत येतोय, मास्तरांची नजर चेंडूवर. मी धावत खाली गेले.

“अपघात, मावशी! बूट चेंडूवर आहे!”

ती कितीतरी वेळ रडली. मग पदरानं तोंड पुसून म्हणाली, “उद्या ये आणि नीट सांग. शांतपणे. एकेक गोष्ट.”

त्या दिवशी घरी जाताना मी खुशीत होते. खरं तर तिथेच फसले. काळ्या थराखाली एकच चित्र असेल, असं मी धरून चालले. एकोणीस वर्षं एका चित्रापाशी बसणारा माणूस एकदाच रंगवतो का?

पाचव्या सकाळी कुलूप उघडलं. झणझणीत वासानं डोळ्यांत पाणी आलं. जमिनीवर उलट्या पिळाचे पन्नासएक बोळे. चेंडूवरचा तो बूट पुसून गेला होता, आणि त्याच्याखाली पहिला, जुना, खरा बूट वर आला होता. तो चेंडूपासून हातभर लांब होता. वाऱ्याच्या गुडघ्यात रुतलेला. मास्तरांचा चेहराही खालून वेगळाच निघाला. त्यांची नजर चेंडूकडे नव्हती. ते मित्राच्या गुडघ्याकडे बघत होते, चित्र काढायच्या आधी बघावं तसे, एकाग्र.

जिना मी कशी उतरले मला आठवत नाही. मावशी खुर्चीत बसली होती. उजवा हात मांडीवर, डावा हात खुर्चीबाहेर थोडा उचललेला. जणू कुणीतरी शेजारी बसून तो हातात घेतलाय.

“सांग,” ती म्हणाली.

मी तिच्याकडे पाहिलं. अठ्ठ्याहत्तर वर्षं. मोडलेलं लग्न. शंभर वेळा ऐकलेली ती एक गोष्ट.

“अपघातच होता, मावशी,” मी म्हटलं. “बूट… चेंडूवरच आहे.”

तिचा डावा हात एकदम हिसडला गेला. ती कळवळली. मनगटावर चार पांढऱ्या खळ्या उमटल्या, बोटांच्या रुंदीच्या, आणि माझ्या डोळ्यांदेखत त्यांच्या कडा लाल होत गेल्या. शेजारी कुणीही नव्हतं.

“खोटं बोलू नकोस…” ती हळू म्हणाली. “बाबा नको म्हणतात…”

मग मी सांगितलं. सगळं. बूट, गुडघा, नजर.

ती रडली नाही. तिनं शेजारच्या रिकाम्या जागेकडे तोंड वळवलं.

“शंभर वेळा, बाबा…” ती म्हणाली. “शंभर वेळा माझ्याशी खोटं बोललात…”

तिनं मान त्या बाजूला झुकवून कान दिला.

“मी काय म्हणू? माफ कर म्हणताय… वाऱ्याला विचारा ना. मी नाही करू शकत…” तिनं हात ओढला. तो सुटला नाही. “सोडा, बाबा. दुखतंय… सोडा ना.”

मी तिचा दंड धरला आणि माझ्याकडे ओढायला लागले. मनगटावरच्या त्या चार खळ्या अजून खोल जात होत्या.