पडद्यावर नसलेलं नाव

"बाई, हे तुम्ही लिहिलंय? चार व्हायोलिनं एकदम शिंकल्यासारखी वाजली!"

मी मान वर केली. दारात एक उंच, पावसात भिजलेला माणूस कागद छातीशी धरून उभा होता. लंडनच्या त्या स्टुडिओत वादकांसाठी स्वरलिपीच्या हाताने प्रती करणं हे माझं काम.

"आणि मूळ अक्षर कुणाचं? शाईत पडलेली मुंगी कागदावर फिरल्यासारखं..."

"माझं," तो म्हणाला आणि हसला. त्याच्या डाव्या गालावर खळी पडते, हे मी तेव्हाच – नको तेवढं नीट – पाहून घेतलं.

तो लायनेल. व्हायोला – व्हायोलिनचा थोरला भाऊ – वाजवायचा आणि टीव्हीच्या मालिकांना संगीत लिहायचा. पडद्यावर नाव मात्र यायचं ज्यांच्या हाताखाली तो होता त्या बड्या संगीतकाराचं. शनिवारी माझ्या मावशीकडे आम्ही मालिका बघायचो. मावशी म्हणायची, "काय गोड वाजतंय गं!" आणि लायनेल टेबलाखाली माझं बोट हळूच दाबायचा.

त्याने लग्नाचं विचारलं ते बसथांब्यावर, एका छत्रीत.

"आधी पडद्यावर स्वतःचं नाव मागून घे. मग माझं उत्तर," मी म्हटलं.

"अट आहे ही, एनिड?"

"तुझ्याच भल्याची आहे."

"बरं, बाईसाहेब..." पण या वेळी खळी पडली नाही.

त्याने नाव मागितलं. पुढच्या आठवड्यापासून त्याला काम मिळेनासं झालं. दीड महिना त्याने मला हे कळू दिलं नाही. मग एका दुपारी माझ्या टेबलाशी येऊन म्हणाला, "स्कारबरोला समुद्रावरच्या वाद्यवृंदात जागा मिळालीय. येतेस माझ्याबरोबर?"

"सहलीला आलेल्यांपुढे वाजवणार? एवढं शिकून?"

त्याने कोटाची बटणं लावली. मग निघून गेला.

त्याची तीन पत्रं आली. मी एकालाही उत्तर दिलं नाही. त्याने हार मानली म्हणून माझा राग होता... की अट माझी होती म्हणून? चौदा महिन्यांनी मी नवा निळा कोट घालून स्कारबरोची गाडी पकडली.

समुद्रावरच्या त्या मैफलीच्या मध्यंतरात त्याने मला पाहिलं. धावतच आला.

"एनिड! तू इथे कशी?"

"सहजच."

"सहज? सव्वादोनशे मैल?"

मी तोंड उघडलं, तोच तो घाईघाईने म्हणाला, "जूनमध्ये लग्न केलं मी. इथल्याच शाळेत शिकवते ती."

"छान झालं की!" मी म्हटलं. आवाज बराच बरा निघाला.

"तुझं एक जरी पत्र आलं असतं ना..."

वादक जागेवर बसायला लागले होते, तोही गेला. मी शेवटच्या सुरापर्यंत बसून राहिले. मग टाळ्या वाजवल्या – इतरांच्या थांबल्या तरी, थोडा वेळ आणखी.