पडद्यावरचं लगीन

पूर्णा जंक्शनवर गाडी लेट, आणि शेजारी बसलेला तो उंच, काटकुळा पोरगा खुशाल माझ्या ट्रंकेवर बोटं नाचवायलेला! थंडीचं कोवळं ऊन, पलीकडं मामा उभा... अन् ह्याला कसली लाज म्हणून नाही.

"ओ, ट्रंक हाय ती. पोचे पडतील."

"चाल बसवायलोय." त्यानं मान वर केली, माझ्याकडं बघितलं — आणि बोटं थांबली. "बोलपटाच्या कंपनीत हाय मी. पुण्याला. गाण्यांना चाली लावतो, कधी रंग फासून कामपण करतो."

"म्हंजे नाटक्या."

"तसं समजा. पण तुमी असं डोळे वटारल्यावर चालच विसरलो बघा!"

"बरं झालं. ट्रंक वाचली."

तोंड फिरवलं खरं, पण गाडी आल्यावर ट्रंक उचलायला तोच धावला आणि मी नको म्हणाले नाही. मामानं ओळखलं त्याला. पूर्ण्याच्या व्यंकटरावांचा चंद्रभान.

मग काय! रजेवर आला की गड्याला कुठल्या ना कुठल्या कामाचं निमित्त सापडायचं आमच्या मानवतला यायला. पोखर्णीच्या नृसिंहाच्या दर्शनाला गेलो, तर तिथंही हजर. देवाकडं कमी, माझ्याकडं जास्त बघत होता. मीसुद्धा काही डोळे मिटून उभी नव्हते म्हणा... शेवटी व्यंकटराव रीतसर मागणी घालायला आले. वडील आधी कुरकुरले, पण खानदान बघून कबूल झाले. सुपारी फुटली.

आणि नेमका त्याचा बोलपट फिरत्या सिनेमाच्या तंबूतून मानवतला आला.

मी आणि धुरपताआत्या बायकांच्या बाजूला बसलो. पडद्यावर तो हसला, गायला — माझ्या अंगावर काटा. पुढं मंडप आला. अंतरपाट, मंगलाष्टकं, अक्षता... आत्या ताडकन उठली.

"अगं बया! ह्याचं लगीन झालंय की!"

घरी आल्यावरही तिचं तेच. "सिनेमा असू दे न्हाईतर काही असू दे. भटजी होता का न्हाई? अक्षता पडल्या का न्हाई? मग?"

"सवतीवर पोरगी देत नसतो मी," वडील म्हणाले, आणि सुपारी मोडल्याचा निरोप पूर्ण्याला गेला.

मी सोंगाला सोंग म्हणत होते, भांडत होते. पण खरं सांगू? ती गोरीपान नवरी बघून माझाही जळफळाट झाला होता. रडून रडून डोळे सुजले.

निरोप मिळताच चंद्रभान आला. वडिलांनी पाणीसुद्धा विचारलं नाही.

"नवरदेव तू होतास का न्हाई?"

"सिनेमात होतो, काका. मंडपात न्हाई."

"थट्टा करायलास का?"

"देवाशपथ न्हाई. चित्र न् आवाज एकाच टायमाला घ्यावा लागतो. मंगलाष्टकांना पेटी वाजवायची कुणी? मीच. मी बाजूला बसून वाजवायलो, अन् माझे कपडे घालून, बाशिंग बांधून आमच्या कंपनीतला भुजंग उभा राहिला. बाशिंगाच्या फुलांत तोंड कुठं दिसतंय?"

मी दाराआड होते. हसावं की रडावं कळेना.

"मी बघितल्याबिगर मानायची न्हाई," आत्या म्हणाली.

त्याच संध्याकाळी आख्खं घर पुन्हा तंबूत. मंडप आला तशी मी आत्याचा हात घट्ट धरला. माझा सगळा संसार त्या पडद्यावर अडकला होता. आत्या पुढं वाकली, डोळे बारीक केले... आणि वडिलांकडं वळून ओरडली, "दिनकर, अरे ह्या नवरदेवाचं पोट बघ की! आपला जावई न्हाई ह्यो!"

आख्खा तंबू हसला. वडीलसुद्धा फेट्याचं टोक तोंडाला लावून हसले. माझा जीव असा भांड्यात पडला की मी तिथंच हुंदके द्यायला लागले.

बाहेर गर्दीत तो हळूच जवळ आला.

"रडू नका ना, नर्मदा... लग्नाला कंपनीची मंडळी येतो म्हणायलीत. मंगलाष्टकांना अशी चाल बसवलीय की बस!"

"ती वाजवणार कोण?"

"मीच की. दुसऱ्या कुणाला जमायची न्हाई ती."

"मग मोडा ती चाल!" मी डोळे पुसले. "बेसूर वाजलं तरी चालंल मला, पण अंतरपाटापलीकडं तुमीच पाहिजेत."

गडी आधी हसला. मग माझ्याकडं नीट बघितलं, आणि म्हणाला, "मोडली."