ग्रान्सेलेचं स्वयंपाकघर

तोर्बोर्ग सुंडेलिननं सिनेमांसाठी आयुष्यभर इतकी घरं उभारली, की तिच्या हाताखालची माणसं थट्टेनं म्हणत, "बाई स्वतःच्या घरी गेली तरी आधी भिंत ठोकून बघते, खरी आहे ना म्हणून!" कॅमेऱ्याला कधी न दिसणाऱ्या फडताळातल्या डब्यांतही ती खरं पीठ भरायची. आताचा हा तिचा शेवटचा सिनेमा. म्हणून स्टॉकहोमबाहेरच्या स्टुडिओत तिनं हट्टानं आपल्या लहानपणचं स्वयंपाकघर उभं केलं. उत्तरेतलं त्यांचं ग्रान्सेले गाव धरणाच्या पाण्याखाली गेलं, तेव्हा ती अगदी लहान होती. एक फोटोसुद्धा उरला नव्हता. घराचा खिळान् खिळा तिला आठवे. आईचा चेहरा मात्र काही केल्या आठवत नसे. ती खंत तिला आत कुरतडत होती.

सेट पाहायला तिनं थोरल्या भावाला, एव्हर्टला बोलावलं. आपल्याच घरात शिरावं तसे त्यानं उंबऱ्याबाहेर बूट काढले आणि मोज्यांवर आत आला.

"झकास! चुलीवरची काजळीसुद्धा तीच गं," तो म्हणाला. "पण आईच्या खोलीचं दार कुठंय?"

"कुठलं दार?"

"चुलीशेजारचं. आजारपणात आई तिथंच तर होती. गेलीही तिथंच." बहिणीचा चेहरा पाहून तो चपापला. "जाऊ दे. नाहीये तेच बरं."

पण तोर्बोर्ग कसली ऐकते! तिनं होल्गेर सुताराकडून दार बसवून घेतलं. नुसतंच दार, मागे स्टुडिओची विटांची भिंत.

"हे उघडायचं कुठं, बाई?" होल्गेर हसला.

"उघडायचं नाही. असायचं."

गुरुवारी दुपारी सगळे वाटाण्याचं सूप प्यायला गेले. भावंडं दोघंच सेटवर बसून राहिली. नव्या दाराचं लाकूड फुगलेलं दिसत होतं. फटीतून शेवाळाचा वास येत होता. मग ते आपसूक किलकिलं झालं. आत हिरवट उजेड होता आणि तो भिंतीवर संथ हलत होता.

"तोबे, दार लाव गं. गार वारा येतोय," आतून बाईचा आवाज आला.

हे लाडकं नाव आईशिवाय कुणी घेत नसे.

एव्हर्टनं तिचं मनगट घट्ट धरलं. "जाऊ नकोस. माझं ऐक."

"मला तिचं तोंड बघायचंय रे. एकदाच."

तिनं हात सोडवून घेतला.

खोली इवलीशी होती. पलंगावर उशीला टेकून आई केस विंचरत होती. तिनं वळून पाहिलं. अगं बाई, हाच की तो चेहरा! हनुवटीवरचा तीळसुद्धा! तोर्बोर्गला रडू फुटलं. आईनं तिच्या गालावरून हात फिरवला. हात ओला होता.

"कॉफी आण बरं माझी," आई म्हणाली.

ती बाहेर आली. चूल पेटलेली होती. किटलीतून वाफ येत होती.

एव्हर्ट तिथं नव्हता.

तिनं वर पाहिलं. सेटला छत कधीच नसतं, वर दिवे टांगायचे असतात.

इथं छत होतं. जुनं, धुरानं काळवंडलेलं.

त्याच्याही वरून, खूप उंचावरून, एव्हर्ट तिला हाका मारत होता. मधूनमधून पाणी कापणाऱ्या वल्ह्यांचा आवाज येत होता.