प्राध्यापक ताब्युरे यांचा मुखवटा

प्राध्यापक ताब्युरे बिछान्यावर उताणे होते, छातीवर क्रूस. आणि दारात त्यांची स्वयंपाकीण ओनोरीन बेड्यांची वाट पाहत उभी. आरोप विषप्रयोगाचा होता. सिद्ध झाला तर तिची मान गिलोटिनखाली जाणार होती.

"औषधाचे थेंब रोजच्याइतकेच दिले, साहेब," ती इन्स्पेक्टर ब्रिसारला म्हणाली. "बाटली अर्धी भरलेली होती. मग मी चर्चला गेले. परत येते तर शेजारचे मोर्वांसाहेब म्हणाले, गेले ते! बाटलीही रिकामी."

"कुणाशी वैर?"

"छे हो. काल मोर्वांसाहेबांच्या पुतळ्यावरून वाजलं तेवढं. 'हा तुम्ही घडवलेला नाही, कला अकादमीत सांगतो,' असं आमचे साहेब त्यांना म्हणत होते."

ब्रिसार आत गेला. बिछान्यावरचा तो माणूस अख्ख्या पॅरिसला शरीरशास्त्र शिकवायचा. आता त्याच्या गालांचं मांस कानांकडे ओघळलं होतं.

शिल्पकार मोर्वां प्लॅस्टरचा मुखवटा न्याहाळत होता. थोर माणूस गेला की त्याच्या चेहऱ्याचा साचा घ्यायचा, ही तिथली रीतच.

"साचा कधी घेतलात?"

"आल्याबरोबर. ते गेलेलेच होते."

"खुर्चीत?"

"इथेच, या उशीवर. केसभर हलवलं नाही."

"नंतर कानस वगैरे?"

"मोर्वां डागडुजी करत नाही, इन्स्पेक्टर! निघाला तस्साच आहे. तुम्ही त्या बयेला न्या बघू आधी. तुरुंगाची आमटी तरी सुधारेल."

ब्रिसारने मुखवटा खिडकीशी नेला. गालांवरून, नाकपुड्यांवरून बोट फिरवलं आणि तो दारातल्या शिपायांना म्हणाला,

"बाईंना आत आणा. बेड्या नकोत."

मोर्वांचं हसू मावळलं.

"उताण्या प्रेताचे गाल मागे जातात. हे पाहा. तुमच्या मुखवट्यात ते हनुवटीकडे लोंबतायत. हा माणूस ताठ बसला होता, मोर्वां. आणि नाकपुड्यांत या दोन गोल खुणा? पोकळ काड्यांच्या आहेत, श्वासासाठी घातलेल्या. मेलेल्याला श्वास कशाला लागतो?"

मोर्वांने मुखवटा परत घ्यायला हात पुढे केला. ब्रिसारने तो दिला नाही.

"तुमचा गाजलेला पुतळा जिवंत अंगावरून साचा घेऊन ओतलाय, हे यांनी ओळखलं. अकादमीत अब्रू गेली असती. म्हणून दिलजमाईला आलात, 'तुमचाच पुतळा करतो' म्हणालात. खुर्चीत बसवून चादरीने हात आवळलेत, प्लॅस्टर थापलंत. ते घट्ट झाल्यावर काड्यांवर बोटं ठेवलीत. मग बिछान्यावर निजवलंत, बाटली ओतून दिलीत."

"पण चेहरा बघा ना!" मोर्वां ओरडला. "मेलेल्याचा इतका जिवंत येतो कधी?"

शिपायांनी त्याला धरलं.

ओनोरीन बिछान्याशी गुडघे टेकून बसली. धन्याचा गार हात तिने दोन्ही हातांत घेतला.

"मला हाक मारायला बघत असतील हो," ती पुटपुटली. "आणि मी तिकडे त्यांच्याच आयुष्यासाठी मेणबत्ती लावत होते."