मोठ्या बाबांचा सकाळचा फोटो

ही गोष्ट खरी आहे. खोटीच सांगायची असती तर मी अमावस्येची रात्र घेतली असती, एखादी पडकी विहीर घेतली असती, पांढऱ्या लुगड्यातली बाई घेतली असती.

माझ्याकडे यातलं काही नाही.

माझ्याकडे एक जीभ आहे.

जेवत असाल तर आधी जेवून घ्या.

गेल्या वर्षीची गोष्ट. दिवाळी होऊन गेली होती. गाव उंद्री, तालुका चिखली. माझे मोठे बाबा, म्हणजे वडिलांचे थोरले भाऊ किसनराव, वावरात कापसाच्या गाठोड्यावर बसल्या बसल्या गेले.

हार्ट.

जिभेला काही झालं नव्हतं. हे मुद्दाम सांगतो, कारण त्यांना शेवटपर्यंत काळजी जिभेचीच होती. कुठल्याशा व्हिडिओने त्यांना सांगितलं होतं की अंगातला प्रत्येक रोग आधी जिभेवर दिसतो. तेव्हापासून ते रोज सकाळी, तोंड धुवायच्या आधी, जीभ पूर्ण बाहेर काढून फ्लॅश मारून फोटो काढत आणि ओळखीच्या सगळ्यांना पाठवत.

खाली एकच ओळ.

‘रंग पाहून सांगा.’

मधोमध उन्हाळ्यातल्या काळ्या वावरासारखी भेग. दोन्ही बाजूंना, ताकाच्या पातेल्याला आतून सुकून बसतो तसा पांढरा थर. कडेला रात्रीच्या तंबाखूचे कण. आणि टोकाला... थुंकीचा एक थेंब. पडू की नको, अशा विचारात.

टिंग.

रोज. नेमका पोह्यांचा घास तोंडात असताना.

ज्ञानेश्वरदादा हा मोठ्या बाबांचा मुलगा. त्याची बायको, पुष्पांजली वहिनी, अंगणवाडीत आहे. एकदा तिने पोरांना मोराचा फोटो दाखवायला मोबाइल फिरवला आणि पडद्यावर मोराऐवजी सासऱ्याची जीभ आली. त्या दिवशी एकाही पोराने खिचडी खाल्ली नाही.

मग एकेकाने त्यांना म्यूट केलं. व्हॉट्सॲप विचारतं, आठ तास, एक आठवडा की नेहमी?

सगळ्यांनी ‘नेहमी’ दाबलं.

मोठ्या बाबांना कोणी सांगितलं नाही. ते पाठवत राहिले. आमचे फोन गप्प राहिले.

ते गेल्यावर दादाने त्यांचा मोबाइल बंद केला, सिम काढून घेतलं आणि मोबाइल कपाटात ठेवून कुलूप लावलं.

दहाव्याला आम्ही नाल्यावर होतो. ऊन चढलेलं. पिंड मांडून झाले होते. समोरच्या बाभळीवर कावळेच कावळे.

पण एकही खाली येईना.

ओरडतही नव्हते...

नुसते बघत होते.

मोठी आई, म्हणजे दादाची आई गोजरबाई, बाजूला सतरंजीवर बसली होती. तिला शुगर आहे. कावळा शिवल्याशिवाय पाण्याचा घोटही घेणार नाही, असं तिने आदल्या संध्याकाळी सांगितलं होतं, आणि ती सांगते ते करते. आता तिचे हात थरथरत होते. ओठ पांढरे पडले होते.

दादा हात जोडून सुरू झाला. "बाबा, बोअर पाडतो. बाबा, आईले जपतो. बाबा, या हर्षलचं लगन लावून देतो."

हर्षल म्हणजे मी. यावर एका कावळ्याने पाठ फिरवली.

पिंडांवर माश्या बसल्या. इतक्या, की तीळ कोणता आणि माशी कोणती ते कळेना. भाताला आंबूस वास सुटला. वास वाऱ्याने थेट आमच्याकडे यायचा, जसं काही आम्हालाच वाढलंय.

गुरुजी म्हणाले, "दर्भाचा कावळा करून शिवून घेऊ. चालते."

"गवताचा कावळा?" मोठी आई म्हणाली. "नाई. त्याइले बियानं बी डुप्लिकेट चालत नोतं."

"आई, चक्कर येऊन पडशीन तू."

"पडीन. पन पानी नाई पेनार."

किती वाजले ते बघायला मी मोबाइल काढला.

सगळ्यात वर मोठ्या बाबांचं नाव होतं.

नवा फोटो... आत्ताचा.

आवाज आला नव्हता. येणार कसा?

मी दादाला दाखवलं. त्याने स्वतःचा मोबाइल काढला. वहिनीने पर्समधून काढला. मग सतरंजीवरच्या सगळ्या पाहुण्यांनी. प्रत्येकाकडे वर तेच नाव.

"फोन त कपाटात हाये बे," दादा म्हणाला. "अन सिम माह्या खिशात." त्याने ते खिशातून काढून दाखवलंही. तळहातावर ते एवढंसं होतं. घामाने चिकटलेलं.

फोटो उघडायची कोणाची छाती झाली नाही.

"काय झालं?" मोठी आई.

"बाबाचा मेसेज आला."

"मंग वाजला काऊन नाई?"

शेवटी वहिनी पुटपुटली, "मामाजीले आपन म्यूट करेल हाये ना..."

"म्यूट म्हंजे?"

"आवाज बंद, आई. त्यांचा."

"सगळ्याइनं?"

"हाव."

मोठ्या आईने सगळ्यांवरून एकदा नजर फिरवली.

"लगन झाल्यापासून मी त्या मानसाची बडबड आयकली. घोरनं आयकलं. अन तुमच्याच्यानं एक टिंग आयकनं झालं नाई?"

मग बोट वर केलं. "खोला. आत्ताच्या आत्ता."

दादाने म्यूट काढलं.

एक कावळा एक फांदी खाली आला.

वहिनीने काढलं. तोच कावळा... आणखी एक फांदी.

मी काढलं. पाहुण्यांनी काढलं. कावळा फांदी फांदी उतरत शेवटी पिंडांसमोरच्या दगडावर येऊन बसला.

आणि थांबला.

"कोन राह्यलं बे?" दादा ओरडला.

सगळे एकमेकांना मोबाइल उंच करून दाखवू लागले.

गुरुजींनी हळूच पूजेच्या पिशवीत हात घातला.

"मले बी पाठवत होते," ते म्हणाले. "ऐन सकाळच्या संध्येच्या टायमाले. सांगा आता, मानसानं काय करावं?"

त्यांनी अंगठा दाबला.

कावळा पिंडाला शिवला.

टिंग...

एकाच वेळी, नाल्यावरच्या प्रत्येक मोबाइलमध्ये.

दादा रडला. मी मोठ्या आईला पाणी पाजलं. भांडं ठेवायला वळलो, तर कावळा हाताच्या अंतरावर होता. त्याने भात गिळला. माझ्याकडे पाहिलं. चोच उघडली...

आत कावळ्याची जीभ नव्हती.

जाड होती. भेगेची. चोचीत मावत नव्हती, म्हणून एका बाजूने दुमडलेली.

टोकाला थेंब होता.

मी ओकलो. भर दहाव्यात, सगळ्या पाहुण्यांसमोर. लोक म्हणाले, पोराचा फार जीव होता.

घरी आल्यावर मोठ्या आईने टिंग वाजली तेव्हा आलेला फोटो उघडायला लावला. जीभच होती. तिच्यावर भाताची शितं. तीळ. आणि कडेला एक माशी, अर्धी.

मोठ्या आईने पदराने स्क्रीन पुसली. निरखून पाहिलं.

"आज रंग बरा दिसून राह्यला," म्हणाली आणि ताट ओढलं.

त्या दिवसापासून फोटो रोज यायला लागला. मोबाइल कपाटातच होता. मोठी आई तो फोटो पाहिल्याशिवाय घास घेत नसे. टिंग उशिरा वाजली की ताट तसंच गार व्हायचं, आणि तिची शुगर खाली जायची. त्यामुळे कोणीही पुन्हा म्यूट केलं नाही. आम्ही फक्त पोहे करणं बंद केलं.

मग मागच्या महिन्यात ती मला म्हणाली, "हर्षल, माही बी काढ. त्याइले पाठव. थे बिचारे रोज दाखवून राह्यले, अन तुम्ही एक बी जवाब देत नाई."

नाही कसं म्हणणार? ताट समोर ठेवून बसली होती.

तिने जीभ बाहेर काढली. मी फ्लॅश मारला.

एक टिक.

दोन टिका...

निळ्या झाल्या.

उत्तर लगेच आलं. नेहमीसारखाच फोटो. तेच पिवळे दात, तेच ओठ.

जिभा मात्र दोन होत्या.

एकाच तोंडात... एकमेकींना लागून.

मोठ्या आईने फोटो बघितला आणि तोंड मिटून हसली.

त्यानंतर फोटो आला नाही. फोन गप्प आहेत, आणि या वेळी आवाज कोणीच बंद केलेला नाही. मी रोज तपासतो.

मोठी आई दोन्ही वेळा पोटभर जेवते. फक्त बोलत नाही. मान हलवते.

काल वहिनीच्या हातून भाजीत मीठ दोनदा पडलं. आम्ही सगळ्यांनी पहिलाच घास थुंकला. मोठ्या आईने वाटी संपवली, आणि अजून घ्यायला पुढे केली.

दादा म्हणतो, चिखलीला डॉक्टरकडे नेऊ.

नेऊ. पण डॉक्टर पहिलं वाक्य काय बोलणार, ते आम्हा दोघांनाही माहीत आहे.

‘आ करा.’

तेव्हा तिच्या समोर कोण उभं राहणार, ते आमचं अजून ठरलेलं नाही.