मंगळवारी शुक्रवार

इंग्लंडमधल्या ग्लॉस्टरच्या त्या रग्बी क्लबात एक चेष्टा रूढ होती. एखादा खेळाडू सोमवारच्या जेवणाला दिसला नाही की बाकीचे म्हणत, "त्याचा मंगळवारी शुक्रवार आहे." म्हणजे शनिवारच्या सामन्यात गड्याच्या डोक्याला मार बसला, त्याला पूर्ववत करणार आहेत, आणि मंगळवारी सकाळी तो डोळे उघडेल तेव्हा त्याच्या लेखी शुक्रवारची संध्याकाळ असेल. नव्याने आलेल्यांना ही चेष्टा पहिल्याच आठवड्यात कळे. तेही हसत, कारण सगळेच हसत.

इंद्रजित सासनेच्या वाट्याला असे शुक्रवार पुष्कळ आले होते. तो हुकर होता. रग्बीत दोन्ही संघांचे आठ-आठ गडी खांद्याला खांदा लावून, डोकी खाली घालून एकमेकांना भिडतात, त्याला स्क्रम म्हणतात. हुकर त्या जथ्याच्या पहिल्या फळीत मधोमध असतो. दोन्ही हात शेजाऱ्यांना कवटाळलेले, म्हणजे स्वतःला सावरायला एकही मोकळा नाही. शहाण्या माणसाने निवडावी अशी ही जागा नव्हे. इंद्रजितने ती शाळेतच निवडली, आणि कोल्हापूर सोडून इथे आलेल्या, तरुणपणी तालमीत घुमलेल्या त्याच्या वडिलांना मुलाचं फार कौतुक वाटलं. पुढे क्लबची अकादमी, मग पहिला संघ, मग इंग्लंडचा पांढरा शर्ट. आता तो चौतिशीत होता. जुन्या काळी या वयाच्या हुकरला डॉक्टर समोर बसवून सांगत, बाबा रे, आता पुरे. आता तसं सांगायला डॉक्टरांकडे कारणच उरलं नव्हतं. त्याचे गुडघे कुरकुरत, पण डोकं तपासलं तर कालच खेळायला लागलेल्या पोराचं वाटावं इतकं धडधाकट.

ही करामत विणकर पेशींची. मेंदू म्हणजे अब्जावधी पेशी आणि त्यांच्यामधल्या जोडण्या. डोकं आदळलं की कवटीच्या आत मेंदू घुसळला जातो, या जोडण्यांचे धागे ताणले जातात, काही तुटतात. पूर्वी ते तसेच राहत, आणि पन्नाशीच्या आतबाहेर कधीतरी तो खेळाडू घराचा रस्ता विसरे. मग प्रयोगशाळेत विणकर पेशी वाढवल्या गेल्या. त्या मेंदूत सोडल्या की आधी काढून ठेवलेल्या मेंदूच्या नकाशाबरहुकूम एकेक जोडणी पुन्हा विणतात. फक्त तीन दिवसांच्या आत सोडाव्या लागतात, नाहीतर तुटलेले धागे तसेच घट्ट होऊन बसतात. या उपचाराला पूर्ववत करणं म्हणत, आणि त्यात एकच गोम होती. जखम म्हणजे जोडण्यांमधला बदल, आणि आठवण म्हणजेही जोडण्यांमधला बदलच. विणकर पेशींना दोन्हींतला फरक कळत नाही. नकाशानंतरचं जे जे असेल ते त्या उसवून टाकतात.

क्लबात नकाशा काढायची वेळ ठरलेली होती, शुक्रवारची संध्याकाळ. तेव्हा तिथे शर्ट देण्याचा समारंभ असे. एखादा जुना, पांढऱ्या केसांचा खेळाडू येई, प्रत्येकाचं नाव घेऊन त्याच्याविषयी दोन शब्द बोले आणि उद्याचा शर्ट त्याच्या हातात देई. रेड्यासारखे गडी मुसमुसून रडत. डोळे पुसत पुसत सगळे तिथून थेट रांगेने शेजारच्या खोलीत नकाशा काढायला जात.

त्या शनिवारी सामना संपायला थोडा वेळ असताना स्क्रम कोसळला आणि इंद्रजित सर्वांत खाली सापडला. रविवारी सकाळी त्याची बायको शलाका क्लबच्या दवाखान्यात डॉक्टर फियोना ट्रेंचर्ड यांच्यासमोर बसली होती. बसली होती म्हणजे उठत होती, खिडकीशी जात होती आणि परत बसत होती. डोक्याला मार लागलेल्या माणसाची संमती कायद्याला चालत नसे. सही जवळच्या माणसाने करायची, म्हणजे तिने.

"तो खेळ सोडायचं म्हणतोय," शलाका म्हणाली.

"म्हणणारच," डॉक्टर सहजपणे म्हणाल्या. "ते लक्षण आहे. उजेड नको, आवाज नको, खेळ नको. उलट त्याने तसं म्हटलं नाही तर मला काळजी वाटेल."

"मग एखाद्याला खरोखरच सोडावंसं वाटलं, तर तुम्हाला ते कसं ओळखू येणार?"

"मेंदू निरोगी असताना वाटलं तर."

"निरोगी असतो तेव्हा त्याला काही आठवतच नाही, डॉक्टर! एकदाही मार बसल्याचं आठवत नाही. इतकी वर्षं खेळून त्याला वाटतं, आपल्याला कधी काही झालंच नाही. माणसाला भीती वाटायला काहीतरी आठवावं लागतं की नाही?"

डॉक्टरांनी चष्मा काढला. त्या काही वाईट बाई नव्हत्या. त्यांच्या हातून पन्नासेक घरं सुखी झाली होती आणि त्यांना ते ठाऊक होतं.

"नकाशाची वेळ कुणी ठरवली?" शलाकाने विचारलं.

"कुणी अशी नाही. शुक्रवारी सगळे एका जागी सापडतात. एरवी यांना गोळा करायचं म्हणजे नाकी नऊ येतात."

"हातात नुकताच शर्ट पडलेला असतो. जन्मात कधी नव्हे इतका तो खेळायला आतुर असतो. तुम्ही त्याला दर वेळी नेमकं तिथे नेऊन सोडता."

हे डॉक्टरांच्या खरोखरच ध्यानात आलं नव्हतं. "पुढच्या मोसमापासून वेळ बदलता येईल," त्या म्हणाल्या. "पण आत्ता माझ्याकडे हाच नकाशा आहे. याआधीचे आम्ही ठेवत नाही. आणि सही नाही केलीत तर हा मार कायमचा राहील. आज फक्त डोकं दुखतंय. उद्या काय दिसेल ते मी सांगू शकत नाही."

शलाका सही न करताच उठली. मैदानाला एक फेरी मारली, दुसरी मारली, मग आत गेली.

पडदे ओढलेल्या खोलीत इंद्रजित पडून होता. एरवी नवरा-बायकोचं बोलणं अर्धं इंग्रजीत चाले, पण मार बसला की तो नुसतं मराठी बोले, लहानपणी आईकडून उचललेलं अस्सल कोल्हापुरी. लग्नानंतर साताऱ्याहून आलेल्या शलाकाला ते ऐकून वाटे, की हा माणूस आपल्याला फक्त रविवारीच भेटतो.

"बस की जरा," तो म्हणाला. "एक सांगायचंय. बास झालं बघ आता. काल खाली सापडलो, वरनं सगळ्यांचं वजन, आणि मला श्वास घेता येईना. तवा एकच वाटलं, यातनं उठलो तर तुझ्यासंगं म्हातारं व्हायचं. दुसरं काय न्हाई. हे मला याआधी कधी सुचलंच न्हाई, बघ."

शलाकाला ते ऐकवेना. आजवर ती अशा वेळी मान डोलवत आली होती. त्या दिवशी तिला राहवलं नाही.

"सुचलंय, जीत. दर वेळी सुचतं."

"काय बोलायलीस? ते बरळणं म्हंजे हेच व्हय?"

"दर वेळी तू हेच सांगतोस. कधी इथे, कधी लंडनच्या दवाखान्यात. मग तुला पूर्ववत करतात आणि तू विसरतोस. मी सांगते तुला, मंगळवारी. तू हसतोस. गेल्या वर्षी मी तुझं बोलणं फोनवर टिपून तुला दाखवलंसुद्धा. तू म्हणालास, बघ, किती आजारी आहे बिचारा." ती थांबली. "बिचारा म्हणालास. जणू दुसराच कुणी."

त्याने विचारलं, "आणि सही कोण करतं?"

"मी."

"दर वेळी?"

"हो."

तो चिडला असता तर तिला बरं वाटलं असतं. तो चिडला नाही. "म्हंजे माझ्याआधीचे ते सगळे गेले," तो म्हणाला.

"तूच होतास रे ते!"

"न्हाई. त्यांना जे कळलं हुतं ते कुणालाच ठाऊक न्हाई. मंग ते गेलेच की. आता मी जाणार. आणि मंगळवारी तो उठंल, हसत." त्याने तिचा हात धरला. त्या रुंद पंजात जोर नव्हता. "या वेळी नको करू सही. दुखू दे डोकं. मी असाच राहतो."

"बरं," शलाका म्हणाली. "नाही करत." तिने ते मनापासून म्हटलं होतं. त्या दिवशी तिला कित्येक महिन्यांत वाटलं नव्हतं इतकं हलकं वाटलं. दोघांनी म्हातारपणाच्या गप्पा मारल्या. कुठे राहायचं, पन्हाळ्याला की इथेच, कुत्रा पाळायचा की नाही. कुत्र्यावरून थोडं भांडणही झालं.

सोमवारी सकाळी ती त्याच्यासाठी चहा घेऊन गेली. तो पलंगाच्या कडेला बसला होता. त्याने कप घेतला, तिच्याकडे पाहिलं आणि परक्या बाईशी बोलावं तशा अदबीने विचारलं, "शलाका कुठं गेली ओ? मघाशी इथंच हुती."

तो पुन्हा म्हणाला, "तिला जरा बोलवता का? माझी बायको हाय ती."

क्षणभराने त्याला तिची ओळख पटली आणि तो ओशाळून हसला. तिने त्याला शब्द दिला होता. पण म्हातारं व्हायचं म्हणजे काय? असं? वर्षानुवर्षं ती चहा घेऊन येणार आणि तो तिला शलाकाला बोलवायला सांगणार? दुपारपर्यंत ती खोलीबाहेरच्या पॅसेजमध्ये येरझाऱ्या घालत राहिली. मग डॉक्टरांकडे गेली, लेखणी मागितली आणि सही केली. आत जाऊन त्याला सांगायचं धाडस तिला झालं नाही. डॉक्टरांनी झोपेचं औषध दिलं, आणि तो तिच्या शब्दावर भरवसा ठेवून झोपी गेला.

मंगळवारी तो ताजातवाना उठला. आपण सामना जिंकलो का, हे त्याने आधी विचारलं. मग भरपूर नाश्ता मागवला, नर्सची थट्टा केली, आणि शुक्रवारी शर्ट देताना म्हातारा काय बोलला ते सगळं शलाकाला इंग्रजीत ऐकवलं. त्याचे डोळे भरून आले होते. शुक्रवारी रात्री त्याने घरी ऐकवलेलं ते भाषण तिने नव्याने ऐकल्यासारखं ऐकलं. तिचं नाव उच्चारताना तो एकदाही अडखळला नाही. ते ऐकून तिला आनंद झाला, खरोखर झाला, आणि त्या आनंदाची लाज वाटली.

"काय गं," टोस्टला लोणी लावत त्याने विचारलं, "या वेळी पण काही बरळलो का मी?"

आजवर तिने प्रत्येक वेळी खरं सांगितलं होतं. आताही शब्द ओठांवर आले. पण त्यापुढे त्याचं ते दिलखुलास हसणं येणार, हेही तिला ठाऊक होतं. ज्याने तिचा हात धरून "मी असाच राहतो" म्हटलं होतं, त्याला आता या जगात तिच्याशिवाय कुणी नव्हतं. त्याला हसलेलं तिला सोसवलं नसतं.

"नाही," ती म्हणाली. "झोपूनच होतास."

"चला, सुटलीस," तो म्हणाला. "उगाच तुला त्रास होतो माझा."

ती त्याच्यासाठी दुसरा टोस्ट आणायला उठली. पुढच्या वेळी सही आपल्या हातून रविवारीच होईल, सोमवारची दुपार होऊ द्यावी लागणार नाही, हे तिला चालता चालताच कळलं.