हनुमंतचा स्वभाव

औशाच्या बसस्टँडवर राजकन्यानं लातूरच्या दोन बस मुद्दाम सोडल्या. मानसशास्त्राच्या प्रात्यक्षिकासाठी अनोळखी माणसाची व्यक्तिमत्त्व चाचणी घ्यायची होती, आणि अनोळखी माणूस म्हटला की हिची दातखीळ बसायची. घरात सगळे तिला बुजरीच म्हणत. स्वभावाला औषध नाही, असं आई म्हणायची आणि विषय संपायचा. शेवटी बाकाच्या टोकाला गप्प बसलेला एक सावळा मुलगा तिनं हेरला.

"तुम्हाला... चारचौघांत बोलायला आवडतं का?"

"कोनते चारचौघे?" तो खाली बघत म्हणाला.

"हो किंवा नाही, एवढंच सांगायचं असतं."

"मग निम्मं हाव धरा, निम्मं न्हाई."

तिला हसूच आलं. नाव हनुमंत, स्वभाव अंतर्मुख, असा शिक्का मारून ती मोकळी झाली. तो लातूरच्या धान्यबाजारात, मोंढ्यात कामाला, ही तिथंच कॉलेजात. पण बस रोज एकच...

"आज प्रश्न न्हाईत का, मॅडम?"

"तुमचं उत्तर धड येत नाही ना!"

"मग रोज इचारा की."

त्या हळू आवाजासाठी ती शेजारची जागा राखू लागली. आणि एका शुक्रवारी तो म्हणाला, "सोमवारपासून देगलूरला ऱ्हायला चाललो. मामानं तिथं धान्याच्या दलालीची नवी आडत घातली." तिच्या तोंडून नुसतं "बरं" निघालं. त्या 'बरं'बद्दल ती रात्रभर स्वतःवर चिडली.

शनिवारी ती तडक लातूरच्या मोंढ्यात गेली, आणि जागीच थबकली. सोयाबीनच्या ढिगापाशी उभा राहून हनुमंत सौदा पुकारत होता! खणखणीत आवाज, हात हवेत, सगळे व्यापारी त्याच्या तोंडाकडे बघतायत... हाच का तो? किती घाईनं आपण त्याला एका शब्दात कोंबलं! एका माणसात एवढा मोठा मुलूख असतो? मग आपल्यातही, बुजरेपणाच्या पलीकडं, अजून न भेटलेलं कुणी असेल...

सौदा ठरला. धुळीनं माखलेला तो समोर आला.

"तुमी? इथं?"

"देगलूरला जा," ती म्हणाली. आवाज कापत होता, पण थांबला नाही. "पण माझ्यासाठी परत या. मला तुम्ही आवडता... लई."

व्यापाऱ्यांना झुलवणारा हनुमंत बसस्टँडवरच्यासारखा खाली बघू लागला. त्यानं रुमालानं तोंड पुसलं, पुन्हा पुसलं.

"ओ हनुमंतराव," हमाल सिद्रामप्पा ओरडला, "म्होरचा ढीग कोनी पुकारायचा?"

हनुमंतनं त्याच्याकडं बघितलंसुद्धा नाही. "रविवारी... आईला घिऊन येऊ का तुमच्या घरी?"

"या," राजकन्या म्हणाली आणि साऱ्या मोंढ्यादेखत तिनं त्याच्या केसांतलं भुसकट अलगद काढलं.